शेजारच्या बुढीचे हाल दिसले तर गप राहायचं?

आशाताई: काल इथं कोणी लिहिलं, "म्हाताऱ्यांच्या तक्रारी बाहेर नेणारेच घरं फोडतात." रात्रभर झोपले नाही. मी घरोघर फिरते. एक बुढी गोठ्यालगतच्या सपरीत पडलेली. नखं वाढलेली, पाठीला जखम. "जेवल्या का आजी?" विचारलं की उत्तर सून देते, बुढी खाली पाहते. श्रावणबाळ योजनेच्या पेन्शनचे महिन्याचे दीड हजार नातू उचलतो. हे घरातलं भांडण आहे?

पऱ्हाटीवाला: ते मीच लिवलं. ताई, तुमी दहा मिनिटं जाता. माही माय 6 वर्सं हातरुणावर होती. बायकोनं हागणंमुतणं काढलं, वर निंदणाले गेली. तरी पाठीले जखम झालीच. तवा कोणी तक्रार केली असती तं? बहिणी दिवाळीले येत, रडत अन् आमालेच बोलत.

माहेरवाशीण: आले बहिणींवर! हक्कसोडपत्रावर सही घेताना गोड लागतो आम्ही. साडीचोळीवर मी 3 एकराचा हिस्सा सोडला. मग भावानं बाबांकडून बाकीच्या वावराचं बक्षीसपत्र करून घेतलं. वर्षभरात बाबा माझ्या दारात.

पऱ्हाटीवाला: हिस्सा पाह्यजे तं मांगा. मंग सांभाळा बी.

माहेरवाशीण: 4 वर्षं सांभाळते आहे! बिनहिश्श्याचं! माझ्या नवऱ्याचे टोमणे तुम्ही ऐकता का?

वणीकर: ताई, 2007 चा ज्येष्ठ नागरिक कायदा, कलम 23. सांभाळण्याच्या अटीवर दिलेली जमीन, सांभाळलं नाही तर हस्तांतरण रद्द होऊ शकतं. अर्ज उपविभागीय अधिकाऱ्याकडच्या न्यायाधिकरणात. बक्षीसपत्रात अट लिहिली होती का?

माहेरवाशीण: स्वतःच्या पोराला देताना कोणता बाप अट लिहितो?

पऱ्हाटीवाला: अन् बुढा तालुक्याले जाईन कोनाच्या गाडीवर? पोराच्याच ना!

आशाताई: म्हणूनच शेजाऱ्यानं तोंड उघडावं. म्हाताऱ्याला जमत नसेल तर त्यानं सांगितलेला माणूस अर्ज देऊ शकतो, न्यायाधिकरण स्वतःहूनही दखल घेऊ शकतं. ज्येष्ठांच्या हेल्पलाइनला, 14567 वर, फोन लागतो. दादा, नुसत्या जखमेवरून छळ ठरत नाही, मानते. तुमच्या घरी जखम रोज धुतली जात होती. इथं पट्टीला माशा होत्या. सून थकली असेल तर तिलाही मदत हवी. पण कोणी आत जाऊन पाहील तेव्हा ना!

पऱ्हाटीवाला: पेन्शनच्या पैशाचं मान्य. ते चूकच. पन आधी घरच्याइले विचारा, मंग अर्ज.

आशाताई: 3 दा विचारलं. तिसऱ्यांदा दार लावून घेतलं.

पऱ्हाटीवाला: ...बरं. जवळचं गाव असन तं मी अन् बायको येतो. सुनेशी ते बोलन.

माहेरवाशीण: आणि बुढीशी? सून समोर नसताना?