चेंग पेई-पेई यांच्या तलवारबाजीत नृत्याचा वाटा किती?

प्रश्न (विश्रामबाग, सांगली):
आम्ही काही मित्र हाँगकाँगचे जुने तलवारपट एकत्र पाहत आहोत. १९६६ मधील ‘कम ड्रिंक विथ मी’ पाहिल्यापासून त्यातील नायिका चेंग पेई-पेई यांच्याविषयी कुतूहल वाटते आहे. त्यांनी बॅलेचे शिक्षण घेतले होते, असे वाचनात आले. मग तलवार हाती घेतल्यावर त्या इतक्या खऱ्या कशा वाटतात? त्यांची पुढील कारकीर्दही जाणून घ्यायची आहे.

उत्तर १ (सांगली):
त्यात दिग्दर्शक किंग हू यांच्या पद्धतीचा मोठा वाटा आहे. ते पेकिंग ऑपेराच्या, म्हणजे चीनच्या पारंपरिक संगीतनाट्याच्या, तालावर द्वंद्वे रचत, त्यामुळे वार करण्याआधीची स्तब्धता, नजर वळवण्याची वेळ आणि त्यानंतर वीज चमकावी तशी होणारी हालचाल यांना प्रत्यक्ष प्रहारापेक्षा अधिक महत्त्व येई, आणि नर्तकीला नेमकी हीच जाण असते. खाणावळीतील प्रसंग अवश्य पुन्हा पाहावा. पुरुषवेशातील नायिका गुंडांच्या गराड्यात बसलेली असते, पण तिच्या वागण्यात घाईचा लवलेशही दिसत नाही. विष्णुदास भावे यांच्या सांगलीतील नाट्यरसिकांना तरी अशा स्तब्धतेचे मोल समजावून सांगावे लागू नये.

उत्तर २ (सातारा):
वरील मताशी मी सहमत आहे. कारकिर्दीविषयी थोडे लिहितो. त्यांचा जन्म १९४६ मध्ये शांघायचा. हाँगकाँगला आल्यावर त्या शॉ ब्रदर्स या चित्रपटनिर्मिती संस्थेच्या प्रमुख नायिका झाल्या. १९६८ च्या ‘गोल्डन स्वॅलो’मध्ये त्यांनी ‘कम ड्रिंक विथ मी’मधील तीच व्यक्तिरेखा पुन्हा साकारली, परंतु दिग्दर्शक चांग चेह यांचा ओढा पुरुषी शौर्याकडे असल्यामुळे शीर्षक नायिकेचे असूनही कथा जिमी वांग यू यांच्या नायकाकडे झुकली, याची मला आजही खंत वाटते. विवाहानंतर त्या अमेरिकेत स्थायिक झाल्या. जुलै २०२४ मध्ये त्यांचे निधन झाले.

उत्तर ३ (मिरज):
‘क्राउचिंग टायगर, हिडन ड्रॅगन’ (२०००) राहून गेला. त्यातील जेड फॉक्स ही खलनायिका त्यांनीच साकारली आहे. वुडांग या युद्धकला-परंपरेची विद्या स्त्री म्हणून नाकारली गेल्याने ती गुरूला मारून ग्रंथ पळवते, पण तो तिला नीट उलगडत नाही. तिची शिष्या मात्र त्यातून पुढे जाते आणि हे तिच्यापासून लपवून ठेवते. हे समजल्यावरचा चेंग यांचा संताप आणि त्यामागचे दुःख इतके खरे आहे की, माझ्या मते हीच त्यांची सर्वांत अवघड भूमिका होय. आपल्या मंडळींनी हे दोन चित्रपट लागोपाठ पाहावेत, आधी १९६६ चा आणि नंतर हा.