तीन दैनिके, एक बातमी आणि एकच अशुद्ध शब्द

प्रश्न : मंगळवारपेठकर

आमच्या घरी सासऱ्यांच्या हट्टामुळे आजही तीन दैनिके येतात. आबा निवृत्त शिक्षक आहेत आणि हातात कात्री घेतल्याशिवाय त्यांचे वाचन पूर्ण होत नाही. परवा कपाट आवरताना त्यांच्या पिशवीत 2024 च्या नोव्हेंबरातील, विधानसभेच्या मतदानाला जेमतेम आठवडा राहिला असतानाची तीन कात्रणे सापडली. दैनिके तीन, तारीख एक, आणि तिन्हींत जिल्ह्यातील एकाच उमेदवाराच्या पदयात्रेची बातमी होती. छायाचित्र तेच, मथळा तोच, मजकूरही शब्दशः तोच. इतका तोच, की 'उत्स्फूर्त' हा शब्द तिन्ही ठिकाणी 'उस्फुर्त' असा छापला होता. आबांनी तिन्ही चुकांभोवती लाल शाईने गोल काढून समासात शेरा मारला होता : 'तिघांनी एकमेकांचे पाहून लिहिले आहे.'

त्या दिवशी आम्ही हसलो; पण नंतर मनात आले की मतदानाआधीच्या आठवड्यात मी स्वतः हीच बातमी वाचून त्या उमेदवाराची 'हवा' आहे असे शेजारणीला सांगितले होते. कोणत्याही बातमीदाराने न पाहिलेली गोष्ट मी पाहिल्यासारखी पुढे पोहोचवली. म्हणून विचारते, ही बातमी होती की विकलेली जागा, हे सामान्य वाचकाने कशावरून ओळखावे? आणि अशा मजकुराने मते खरोखर फिरतात, की आम्ही उगाच धास्ती घेतो?

उत्तर 1 : निवृत्त डेस्क

ताई, आबांचा शेरा गुणाला पात्र आहे, परंतु पूर्ण नव्हे. मी कोल्हापूर आवृत्तीच्या डेस्कवर बावीस वर्षे काढली. तीन दैनिकांत एकच मजकूर दिसला म्हणजे पैसे फिरले, असा निष्कर्ष लगेच काढू नये. उमेदवाराच्या प्रचार कार्यालयातून संध्याकाळी सातच्या सुमारास व्हॉट्सॲपवर प्रसिद्धिपत्रक आणि दोन छायाचित्रे येतात. डेस्कवर पूर्वी सहा माणसे होती तिथे आता दोन असतात. पाने सोडण्याची वेळ झालेली असते, आणि मग पत्रक जसेच्या तसे पानात बसते. यात आळस आहे, नाइलाज आहे, पण व्यवहार असेलच असे नाही.

व्यवहार ओळखायचा असेल तर एका दिवसाचे कात्रण पाहून भागत नाही, आठवडाभराची पाने शेजारी शेजारी मांडावी लागतात. आज एका उमेदवाराचा चार स्तंभी 'झंझावात' आणि उद्या त्याच पानावर, त्याच जागी, तेवढ्याच आकारात त्याच्या प्रतिस्पर्ध्याचा चार स्तंभी 'विजय निश्चित' दिसला, की समजावे. अशा मजकुरात गर्दी 'प्रचंड' असते पण आकडा नसतो, कोणी प्रश्न विचारलेला नसतो, आणि बातमीदाराचे नावही नसते.

माझ्या शेवटच्या विधानसभा निवडणुकीत आमच्याकडे (दैनिकाचे नाव घेत नाही) जाहिरात विभागातून रोज संध्याकाळी एक यादी येत असे. तिच्यात उमेदवार, पान आणि आकार लिहिलेला असे. त्याला आम्ही सगळे 'पॅकेज' म्हणत असू. एकदा सवयीप्रमाणे मी त्यातल्या एका मजकुरातील ऱ्हस्वदीर्घ नीट केले, तर दुसऱ्या दिवशी जाहिरात विभागाचा फोन आला : 'पार्टीने पास केलेला मजकूर आहे, त्याला हात लावायचा नाही.' संपादकीय विभागातील माणसाला वेलांटी बदलण्याचाही अधिकार उरलेला नाही, हे मला त्या दिवशी कळले. तेव्हा आबांनी लाल गोल अगदी योग्य जागी काढला आहे. जी चूक कोणीच दुरुस्त केली नाही, ती कोणालाच दुरुस्त करू दिली गेली नसेल, अशी दाट शक्यता असते.

मात्र तुमच्या कात्रणात जे नाही ते मला अधिक महत्त्वाचे वाटते. ज्याच्याकडे पॅकेजचे पैसे नव्हते त्या उमेदवाराची बिंदू चौकातील सभा मी स्वतः घरी जाताना ऐकली होती. माणसे मिरजकर तिकटीच्या अंगाला उभी होती. दुसऱ्या दिवशी आमच्या पानांत ती सभा झालीच नव्हती. खोटे छापण्यासाठी निदान काहीतरी छापावे लागते. वगळण्यासाठी काहीच करावे लागत नाही, आणि त्याचे कात्रणही कोणाला काढता येत नाही.

या सगळ्याच्या मुळाशी अंकाची किंमत आहे. आपण देतो त्या पैशात कागदाचा खर्चही निघत नाही, उरलेले सगळे जाहिरातदार देतो. पानांच्या प्रमाणात किंमत बांधून देणारा कायदा केंद्राने 1956 मध्ये केला होता, तो पुण्याच्या 'सकाळ'ने सर्वोच्च न्यायालयात लढून 1961 मध्ये रद्द करून घेतला. सरकारने किंमत ठरवली तर खप घटेल आणि खप हाही अभिव्यक्तिस्वातंत्र्याचाच भाग आहे, असा तो निकाल होता आणि माझ्या मते तो योग्यच होता. परंतु सरकारच्या हातून सुटलेली दोरी वाचकाच्या हातात आली नाही. ग्रामीण वार्ताहराची मिळकत तर आजही मानधनापेक्षा जाहिरातीच्या कमिशनवर अधिक अवलंबून असते. ज्या कारखान्याच्या अध्यक्षाच्या वाढदिवसाच्या पुरवणीसाठी तो जाहिराती गोळा करतो, त्याच कारखान्याच्या थकीत ऊसबिलाची बातमी त्याने लिहावी अशी आपली अपेक्षा असते.

उत्तर 2 : शाहूपुरी वकील

कायद्याच्या बाजूने थोडे. मी सांगतो ते लोकसभा आणि विधानसभेपुरते आहे. महापालिका व जिल्हा परिषदेच्या निवडणुका राज्य निवडणूक आयोगाच्या अखत्यारीत येतात.

पैसे देऊन बातमी छापून आणणे हा लोकप्रतिनिधित्व अधिनियम 1951 खाली आजही स्वतंत्र गुन्हा नाही. विधी आयोगाने 2015 मध्ये आपल्या 255 व्या अहवालात तशी तरतूद करण्याची शिफारस केली होती. निवडणूक आयोगाच्या हाती आहे तो हिशेबाचा मार्ग. प्रत्येक जिल्ह्यात माध्यम प्रमाणन व संनियंत्रण समिती असते. संशयास्पद मजकूर आढळल्यास ती प्रसिद्धीपासून 96 तासांच्या आत निवडणूक निर्णय अधिकाऱ्याला कळवते, उमेदवाराला नोटीस निघते, आणि त्याने 48 तासांत उत्तर द्यायचे असते. ते न दिल्यास किंवा न पटल्यास त्या जागेचा जाहिरात दराने हिशेब करून ती रक्कम उमेदवाराच्या खर्चात धरली जाते. विधानसभेची खर्चमर्यादा 2022 पासून मोठ्या राज्यांत 40 लाख आहे. त्यामुळे दंड म्हणावा तर तो एवढाच की हिशेबाच्या वहीत एक ओळ वाढते.

या प्रकरणांचा शेवट कसा होतो तेही सांगतो. 2009 च्या आपल्या राज्यातील निवडणुकीनंतर पत्रकार पी. साईनाथ यांनी तत्कालीन मुख्यमंत्री अशोक चव्हाण यांच्याविषयी अनेक दैनिकांत आलेला पानेच्या पाने एकसारखा मजकूर उघडकीस आणला. चव्हाण यांच्या निवडणूक खर्चाच्या विवरणात वृत्तपत्रीय जाहिरातींपोटी दाखवलेली रक्कम 5,379 रुपये होती. निवडणूक आयोग हिशेबाच्या खरेपणाची चौकशी करू शकतो, हे सर्वोच्च न्यायालयाने 2014 च्या मे महिन्यात मान्य केले. जुलैत आयोगाने चव्हाण यांच्याविरुद्ध निर्णय दिला आणि सप्टेंबरात दिल्ली उच्च न्यायालयाने तो रद्द ठरवला. उलट उत्तर प्रदेशातील आमदार उमलेश यादव यांना मात्र याच कारणावरून 2011 मध्ये तीन वर्षांसाठी अपात्र ठरवण्यात आले. वृत्तपत्रांच्या आचरणावर लक्ष ठेवणाऱ्या प्रेस कौन्सिलने नेमलेल्या दोन सदस्यांनी तर दैनिकांची नावे घेऊन अहवाल लिहिला होता. 2010 मध्ये कौन्सिलने त्याची नावे गाळलेली संक्षिप्त आवृत्ती स्वीकारली आणि मूळ अहवाल पुढच्या वर्षी केंद्रीय माहिती आयोगाच्या आदेशानंतर बाहेर आला.

आणखी एक फट पाहा. त्याच अधिनियमाचे कलम 126 मतदान संपण्यापूर्वीचे 48 तास दूरचित्रवाणीवरील प्रचाराला बंदी घालते. छापील वृत्तपत्र त्या कलमात येत नाही. त्यामुळे मतदानाच्या दिवशी सकाळी दारात पडणाऱ्या अंकातील जाहिरातींना आयोगाने पूर्वप्रमाणन, म्हणजे छापण्याआधी मंजुरी, लावले आहे, पण बातमीच्या वेशात आलेली जाहिरात प्रमाणनाकडे कोण नेणार?

ताईंना करता येण्याजोगी एक गोष्ट आहे. उमेदवाराने निकालानंतर 30 दिवसांत खर्चाचा हिशेब दाखल करावा लागतो, आणि निवडणूक संचालन नियम 1961 मधील नियम 88 प्रमाणे तो कोणाही व्यक्तीला एक रुपया शुल्क भरून पाहता येतो. तेथे त्या दिवशीची, त्या दैनिकांची नोंद आहे का, ते पाहावे.

उत्तर 3 : शिरोळकडचा

आपण सारे सुशिक्षित मंडळी वृत्तपत्राला फारच मोठे करतो आहोत, असे मला वाटते. आमच्या गावात मत ठरते ते दूध संस्थेत कोण कोणत्या गटाचा आहे, ऊसतोडीची टोळी कोणी वेळेवर पाठवली आणि सोसायटीचे कर्ज कोणी मंजूर केले यावर. पेपर पारावर येतो खरा, पण पॅकेजची बातमी कोणती हे आमचा न्हावीही सांगतो. 'ह्यानं लै मोजलंय' एवढे म्हणून तो पान उलटतो. उमेदवार पैसे घालतो ते मतदारासाठी कमी आणि आपल्याच कार्यकर्त्यांना 'साहेबांची हवा आहे' असे वाटावे म्हणून अधिक.

उत्तर 4 : वाचन मंदिरातला कोपरा

शिरोळकरांच्या शेवटच्या वाक्यातच त्यांच्या मुद्द्याचे उत्तर आहे. कार्यकर्त्याला हवा वाटली की तो घरोघर फिरतो, काठावरचे गट त्या बाजूला सरकतात, आणि ताईंनी शेजारणीला सांगितले तसे लोक एकमेकांना सांगू लागतात. वृत्तपत्र थेट मत बदलत नसेल. कोण जिंकणार याचा अंदाज ते बदलते, आणि आपल्याकडे बरीच मते त्या अंदाजामागे जातात.

मला मात्र एका गृहीतकावर आक्षेप आहे. पूर्वीची पत्रकारिता निःपक्ष होती, असे आपण समजून चालतो. आपल्या कोल्हापूरचाच इतिहास वेगळे सांगतो. चौथ्या शिवाजी महाराजांचा छळ होत असल्याच्या संशयावरून टिळक-आगरकरांनी 'केसरी' आणि 'मराठा'त येथील दिवाण माधवराव बर्वे यांच्यावर टीका केली. ज्या पत्रांच्या आधारे लिहिले ती बनावट निघाली. दोघांनी माफी मागितली, तरीही 1882 मध्ये शिक्षा झाली आणि 101 दिवस त्यांनी डोंगरीच्या तुरुंगात काढले. पुढे वेदोक्त प्रकरणात, म्हणजे राजघराण्याचे विधी वेदमंत्रांनी व्हावेत की नाही या वादात, तोच 'केसरी' उघडपणे शाहू महाराजांच्या विरोधात उभा राहिला. महाराजांनी अडीच हजार रुपयांची मदत दिली आणि 31 जानेवारी 1920 रोजी डॉ. आंबेडकरांचा 'मूकनायक' निघाला. त्याची साधी जाहिरात पैसे देऊ करूनही 'केसरी'ने छापली नाही.

ही सगळी पत्रे एका बाजूची होती, कधी चुकलेली, कधी अन्यायी. पण कोण बोलतो आहे, कोणाच्या पैशावर बोलतो आहे आणि चुकला तर तुरुंगात कोण जाणार आहे, हे वाचकाला ठाऊक होते. बिंदू चौकातील सभेचेही तसेच असते. व्यासपीठावर कोण बसले आहे आणि मांडव कोणाचा आहे, हे समोर दिसते. त्यामुळे पक्षपाताची मला फारशी भीती वाटत नाही. 'उस्फुर्त'वाल्या बातमीत बोलणारा उमेदवार होता आणि आवाज वृत्तपत्राचा होता. माझी तक्रार आहे ती या सोंगाबद्दल.

उत्तर 5 : राजारामपुरी सातवी गल्ली

एवढी चर्चा छापील कागदावर चालली आहे, पण माझ्या वयाचे कोणीही कागद उघडत नाही. आम्हाला राजकारण कळते ते रीलमधून आणि स्टेटसमधून. 2023 च्या जूनमध्ये काही स्टेटसवरून शहरात दंगल कशी उसळली आणि इंटरनेट बंद करावे लागले, ते आपण सर्वांनी पाहिले आहे. शहराचे नाव लावून चालणारी डझनभर पाने आहेत. वर्षभर मिसळ, रंकाळा आणि पंचगंगेच्या पाणीपातळीचे फोटो टाकून ती विश्वास मिळवतात आणि निवडणूक लागली की एका बाजूने बोलू लागतात. पान कोण चालवतो, हे कोठेही लिहिलेले नसते. फेसबुकवर रीतसर दिलेल्या राजकीय जाहिरातीचे पैसे कोणी भरले ते त्यांच्या जाहिरात-संग्रहात 2019 पासून कोणालाही पाहता येते. पण पान चालवणाऱ्याला हातात रोख दिली तर ते कोणत्याच संग्रहात येत नाही. म्हणजे पॅकेज तेच, फक्त डेस्कवर बसून वेलांटी दुरुस्त करणारे काकासुद्धा येथे नाहीत.

मंगळवारपेठकर (पुन्हा)

सर्वांचे मनापासून आभार. निवृत्त डेस्क यांनी सांगितल्याप्रमाणे आबा आणि मी त्या आठवड्याची पाने मिळतील तेवढी मिळवून जमिनीवर मांडली. दोन दैनिकांत त्याच पानाच्या त्याच कोपऱ्यात, एक दिवस आड, दोन्ही प्रमुख उमेदवार आलटून पालटून विजयी होत होते. तिसऱ्यात मात्र ती पदयात्रेची बातमी एकदाच आली होती, पुन्हा काही नाही. तेव्हा तेथे केवळ पत्रक उचलले गेले असावे, असे समजून आबांनी त्या दैनिकाला संशयाचा फायदा दिला आहे. बिंदू चौकातील त्या सभेची ओळ मात्र तिन्हींपैकी कोठेही सापडली नाही.

सोमवारी नागाळा पार्कात जिल्हाधिकारी कार्यालयाच्या निवडणूक शाखेत जायचे ठरले आहे. मी एकटीच जाणार होते, पण आबांनी कालच कात्रणांना पुठ्ठा लावून ठेवला आहे आणि शुल्काचा एक रुपया सुटा हवा म्हणून देवघरातील वाटीतून काढून खिशात घातला आहे.