गृहकर्ज थकलं, सरफेसीची नोटीस आली: कोर्टातून काय मिळू शकतं?

रानवारा:
गृहकर्जाचे चार हप्ते थकल्यावर सरफेसी कायद्याच्या (कोर्टात न जाता तारण विकून वसुली करायची मुभा बँकेला देणारा कायदा) कलम १३(२)ची नोटीस आली आहे. साठ दिवसांत थकलेले हप्ते नव्हे, सगळंच कर्ज भरा म्हणतात. दिवाणी कोर्टातून मनाई हुकूम मिळेल का? की थेट उच्च न्यायालय?

कलमसतरा:
दिवाणी कोर्टाचं दार याच कायद्याच्या कलम ३४ ने बंद आहे. तिथे दावा लावला तर नुसत्या तारखा जातील, आणि इथे तारखाच महत्त्वाच्या. उच्च न्यायालयही सहसा 'आधी डीआरटीत (कर्जवसुली न्यायाधिकरणात) जा' म्हणून परत पाठवतं. सत्यवती टंडन निकालात (२०१०) सर्वोच्च न्यायालयाने तसंच बजावलं आहे.

पण नुसत्या १३(२)च्या नोटिशीवर डीआरटीतही जाता येत नाही. आत्ता करायचं ते १३(३-अ)खाली लेखी हरकत. साठ दिवसांच्या आत द्या, पोच घ्या. बँकेला १५ दिवसांत कारणांसह उत्तर द्यावंच लागतं. 'अडचण आहे, सवलत द्या' एवढंच लिहिलं तर उपयोग नाही. खातं कोणत्या तारखेला एनपीए (थकीत, अनुत्पादक कर्ज) केलं, तेव्हा थकबाकीला ९० दिवसांहून जास्त झाले होते का, भरलेले हप्ते जमा दिसतात का, दंड कशावर लावला, हे खातेउताऱ्याशी ताडून मांडा. पुढे डीआरटीत हाच कागद उघडला जातो.

१३(४)ची ताबा नोटीस आली की डीआरटीतल्या कलम १७च्या अर्जाला ४५ दिवस. ताबा सांकेतिक (नुसता कागदोपत्री) असला तरीही! घरात अजून आपणच राहतोय म्हणून लोक गप्प बसतात आणि जिल्हाधिकाऱ्यांचा आदेश घेऊन कुलूप लावायला माणसं आली की वकील शोधतात. तोवर मुदत गेलेली असते.

हिशेबनीस:
या अर्जासाठी आधी रक्कम भरायची अट नाही. पूर्वी ७५ टक्के भरावे लागत, ती अट मार्डिया केमिकल्स निकालात (२००४) रद्द झाली. स्थगिती मात्र बहुधा 'अमुक रक्कम अमुक तारखेपर्यंत भरा' अशी येते, आणि ती तारीख चुकली की स्थगिती गेली. म्हणून वकिलामार्फत झेपेल तोच आकडा सांगा. डीआरटीत हरलात तर ३० दिवसांत डीआरएटीत (त्यावरच्या अपील न्यायाधिकरणात) अपील. तिथे ५० टक्के भरावे लागतात, कमी झाले तरी २५च्या खाली नाही.

रानवारा:
मधेच थकलेले हप्ते भरून सुटता येतं का?

कलमसतरा:
एकदोन हप्त्यांनी एनपीए सुटत नाही. मुद्दल-व्याजाची सगळी थकबाकी भरली तरच खातं पूर्ववत धरतात. बँक त्यावर तयार असेल तर नोटीस मागे घेतल्याचं पत्र घ्या, शाखेतल्या तोंडी शब्दावर जाऊ नका. पूर्ण येणं भरून घर सोडवायचा हक्क लिलावाची नोटीस प्रसिद्ध होईपर्यंतच. 'विक्री होईपर्यंत भरता येतं' हा सल्ला २०१६च्या दुरुस्तीआधीचा आहे, अजूनही फिरतो.

हिशेबनीस:
एक राहिलं. कर्ज बरंच फिटलेलं असेल तर कलम ३१ पाहा. येणं मुद्दल-व्याजाच्या २० टक्क्यांहून कमी असेल तर सरफेसी लागूच होत नाही. हा मुद्दा हरकतीत पहिल्याच परिच्छेदात घ्या.