होम्सचा दुसरा वॉटसन: एडवर्ड हार्डविकबद्दल सांगा ना

परळकरीण:
सध्या रात्री जेवणं उरकली की आई आणि मी जेरेमी ब्रेटची जुनी शेरलॉक होम्स मालिका बघतोय, ग्रॅनडा टीव्हीची. परवा बघता बघता वॉटसनच बदलला! मला आधी पचलंच नाही, पहिला छान होता हो, पण आई म्हणाली थांब जरा, हा ऐकतो कसा ते बघ. आईने तरुणपणी कामगार नाट्यस्पर्धेत कामं केलीयेत, त्यामुळे समोरचा बोलत असताना जो नट नुसता आपल्या वाक्याची वाट बघत उभा असतो तो तिला लगेच कळतो. आता मी पण होम्सला सोडून वॉटसनकडेच बघत बसते. अजून कशात होता हा? आणि पहिल्याने का सोडलं?

गिरगावकर:
पहिला डेव्हिड बर्क. १३ भाग केले आणि सोडलं, कारण मुलगा लहान होता आणि शूटिंगमुळे घरापासून लांब राहावं लागायचं. जाताना हार्डविकचं नाव त्यानेच सुचवलं, केवढं मोठं मन! तो लहान मुलगा म्हणजे टॉम बर्क, 'स्ट्राइक' मालिकेतला डिटेक्टिव्ह.
हार्डविकचा जन्म १९३२ चा, वडील सर सेड्रिक हार्डविक, तेही नावाजलेले नट. 'राडा' या लंडनच्या नाट्यशाळेत शिकला, मग १९६४ पासून सात वर्षं लॉरेन्स ऑलिव्हिए या मोठ्या नटाच्या नॅशनल थिएटरमध्ये. टीव्हीवर १९७२ ची 'कोल्डिट्झ', त्यात जर्मन कैदेतून पळून जायचे बेत आखणारा कॅप्टन ग्रँट. ज्या खऱ्या पॅट रीडवर ते पात्र बेतलं होतं तोच मालिकेचा सल्लागार होता, म्हणजे विचार करा, ज्याचं काम करायचं तो माणूस समोर बसलाय.

माटुंगा_रोड:
आईंना 'द एम्प्टी हाऊस' परत दाखवा. हार्डविकचा पहिलाच भाग, १९८६ चा. होम्स मेला असं समजून तीन वर्षं काढलेली, आणि समोरचा म्हातारा पुस्तकवाला एकदम होम्स निघतो, वॉटसन बेशुद्ध पडतो. आता बघा, ज्या मैत्रीचा एकही प्रसंग या नटाने स्वतः केलेला नाही त्या मैत्रीसाठी त्याला पहिल्याच भागात कोसळायचंय, आणि आपल्याला ते खरं वाटतं. मला तर हेच त्याचं सगळ्यात मोठं काम वाटतं.
पुढे १९८८ मध्ये लंडनला विंडहॅम्स थिएटरमध्ये ब्रेट आणि हार्डविक दोघांनी होम्स-वॉटसनचंच नाटक केलं, पूर्ण नाटकात पात्रं दोनच. 'शॅडोलँड्स' सिनेमात अँथनी हॉपकिन्सचा भाऊ झालाय, त्या शूटिंगमुळे मालिकेचा एक भाग त्याला करता आला नाही, तर तिथे होम्सचा भाऊ मायक्रॉफ्ट आणावा लागला. २०११ मध्ये गेला.

परळकरीण:
खूप आभार दोघांचे! काल लावला एम्प्टी हाऊस. आईने तो बेशुद्ध पडायचा सीन तीनदा मागे घ्यायला लावला, आणि तिसऱ्यांदा म्हणाली, पडायच्या आधी बघ, चेहऱ्यावर आनंद पोचलेलाच नाहीये अजून. 'शॅडोलँड्स' कुठे बघायला मिळेल, कोणाला माहितीये का? तिला रविवारी दाखवायचाय.