जन्मदाखल्यावर १९ ऐवजी ११ तारीख लागली आहे, दुरुस्ती कशी करायची?

तुळशीपाशी:
नमस्कार. माझी मुलगी १९ ऑगस्ट २०१० ची. दुसऱ्या गावच्या खाजगी दवाखान्यात झाली, नोंद तिथल्याच ग्रामपंचायतीत. शाळेत आणि आधारवर १९ आहे. जन्मदाखला आम्ही कधी काढलाच नव्हता. परवा पासपोर्टसाठी काढला तर त्यावर ११! दहावीचा फॉर्म तोंडावर आलाय. एजंट म्हणतो, गॅझेट करून टाका. घरात म्हणतात, सगळीकडे ११ करून घेऊ, आठ दिवसांनी काय बिघडतं? मला ते पटत नाही. अकरा तारखेला मी दिवसभर शेतात भांगलत होते. माझ्या लेकीची तारीख मला माहीत आहे.

सह्याद्री_वारा:
११ करायच्या भानगडीत पडू नका. आधारवर जन्मतारीख साधारणपणे एकदाच बदलता येते. ती संधी चुकीच्या तारखेवर घालवाल आणि शाळेचं वेगळंच लागेल.

माजी_ग्रामसेवक:
ताई, तुमचंच बरोबर आहे. गॅझेटमध्ये तारीख छापून येईल, पण त्याने जन्म रजिस्टरमधलं अक्षरही हलत नाही. दाखला निघतो तो रजिस्टरवरून.

आधी जिथे नोंद आहे त्या ग्रामपंचायतीत जा आणि २०१० ची मूळ नोंद काढून बघा. नोंद शोधून तिचा उतारा मागायचा हक्क कायद्यानेच दिलाय. दवाखान्याने भरलेल्या जन्म अहवालाचा कायदेशीर भाग बांधूनच ते रजिस्टर तयार होतं, म्हणजे तुम्हाला दवाखान्यातला मूळ कागद दिसेल. मी बारा वर्षं ही रजिस्टरं हाताळली. हाताने लिहिलेला ९ आणि १ यांची गल्लत फार होते. ९ ची गाठ शाईने भरून गेली की संगणकावर चढवणारा माणूस ११ वाचतो.

कागदावर १९ स्पष्ट असेल तर नकलेतली चूक, लगेच दुरुस्त व्हायला हवी. कागदावरच ११ असेल तर जन्म-मृत्यू नोंदणी अधिनियम १९६९ चं कलम १५ लागतं. चूक काय, खरं काय, हे माहीत असलेल्या दोन विश्वासू व्यक्तींचं प्रतिज्ञापत्र द्यायचं. सोबत दवाखान्याचं डिस्चार्ज कार्ड आणि लसीकरण कार्ड जोडा. जन्मावेळच्या बीसीजी लसीची तारीख त्यावर असते, ती फार उपयोगी पडते.

एक गोष्ट डोळ्यांत तेल घालून बघा. मूळ नोंद खोडायची नसते. समासात शेरा लिहायचा, खाली सही आणि तारीख. कोणी ११ वर गिरवून १९ करू लागला तर तिथल्या तिथे थांबवा. गिरवलेल्या नोंदीवर पुढे कोणीही शंका घेतो.

सह्याद्री_वारा:
आणि ग्रामसेवकाने नाही म्हटलं तर?

माजी_ग्रामसेवक:
नकार लेखी घ्या. या कायद्यातल्या २०२३ च्या दुरुस्तीनंतर निबंधकाच्या, म्हणजे इथे ग्रामसेवकाच्या, निर्णयावर ३० दिवसांत जिल्हा निबंधकाकडे अपील करता येतं आणि त्यांनी ९० दिवसांत निकाल द्यायचा असतो. दिवाणी दावा अगदी शेवटी. पण तुमच्याकडे कागद आहेत, तिथवर जायची वेळ येऊ नये.

तुळशीपाशी:
काका, जाऊन आले. तुम्ही म्हणालात तसंच निघालं. कागदावर १ आणि पुढे ९, पण ९ ची गाठ शाईने भरलेली, शेपटी खालच्या रेघेत मिसळलेली. मी बोट ठेवून दाखवलं. साहेब म्हणाले, मला १९ वाटतं, पण समोरचा ११ वाचेल, म्हणून प्रतिज्ञापत्र द्या. माझ्या जावेने आणि त्या रात्री गाडीतून सोबत आलेल्या शेजारणीने सही केली. लसीकरण कार्डावर बीसीजी २० ऑगस्टला दिल्याचं निघालं. जन्माच्या नऊ दिवस उशिरा कोण देतं? साहेबांना तेवढंच पुरलं.

समासात शेरा माझ्यासमोर लिहिला. सहीखाली तारीख टाकायची राहत होती, ती मी मागून घेतली. नवा दाखला पुढच्या आठवड्यात मिळेल. मुलगी सोबत होती. तिने रजिस्टरमधलं माझं नाव आणि गावाचं नाव बराच वेळ वाचलं.

माजी_ग्रामसेवक:
दाखला हातात आला की तारीख अंकात आणि अक्षरात दोन्हीकडे वाचा, मगच खिडकी सोडा.