माधवरावांच्या विमानात ब्लॅक बॉक्स होता का?

प्रश्न (ग्वाल्हेरच्या लष्कर भागातून): 30 सप्टेंबर 2001, रविवार. काँग्रेस नेते माधवराव शिंदे गेल्याचं कळलं आणि आईनं गॅस बंद केला. परातीत कणीक तशीच वाळली. कानपूरच्या सभेला निघालेलं विमान मैनपुरीजवळ कोसळलं, आठही जण गेले. इतक्या लहान विमानात ब्लॅक बॉक्स, म्हणजे उड्डाणाच्या नोंदी ठेवणारं यंत्र, असतो का हो?

उत्तर 1: दादा, ते किंग एअर सी-90, दोन टर्बोप्रॉप इंजिनांचं. वजन 5700 किलोच्या आत, म्हणून सक्ती नसायची. मग तपासाची भिस्त अवशेषांवर, हवामानाच्या नोंदींवर आणि हवाई नियंत्रण कक्षाशी झालेल्या बोलण्यावर.

उत्तर 2: त्या आठांत वैमानिक होते, पत्रकारही होते. त्यांची नावं कोणी घेत नाही, याचं फार वाईट वाटतं. अंत्यसंस्काराला बाबा शिंदे घराण्याच्या छत्रीबाहेर, म्हणजे समाधीस्थळाबाहेर, उभे होते, चपला हातात घेऊन.

प्रश्नकर्ता: माझेही तिथेच होते.