'सारंग' हे आडनाव आहे, आणि माझ्या मुलाचं नावही आहे

हर्णैची लेक:
परवा 'शब्दवेध' यांनी बाळाच्या नावांवर लिहिलेलं वाचलं. दोन दिवस डोक्यातून जाईना, म्हणून वेगळा धागा काढतेय. ज्यांनी वाचलं नसेल त्यांच्यासाठी थोडक्यात: त्यांच्या मते 'सारंग' हे कोकणातलं आडनाव फारसी 'सरहंग'वरून आलं, त्याचा अर्थ खलाशांचा मुकादम, आणि हल्ली लोक हेच आडनाव उचलून मुलाला नाव म्हणून देतात. वर "अर्थ विचारला तर हरीण सांगतात. मुकादमाचं नाव पोराला कशाला? विष्णूचं धनुष्य हवं असेल तर सरळ शार्ङ्ग ठेवा."

माझ्या मुलाचं नाव सारंग आहे आणि मी कुणालाही हरीण सांगत नाही.

मी माहेरची सारंग. आम्ही दोघी बहिणी, भाऊ नाही. लग्नं झाली, दोघींची आडनावं बदलली, आणि अण्णा गेले तेव्हा रेशनकार्डावर त्या आडनावाची एकटी आई उरली. आमचे अण्णा हर्णै बंदरातून बोट घेऊन जायचे. त्यांचं पहिलं नाव बंदरावर किती जणांना ठाऊक होतं कोण जाणे, कारण हाक यायची ती "ओ सारंग" अशीच. संध्याकाळी वाळूवर लिलाव चालू असताना गर्दीतून ती हाक आली की मी पण मान वर करायचे, अण्णा पण करायचे. मग आडनाव ते नाव नव्हे, हे मला कुणी शिकवायचं? आमच्याकडे ते होतंच.

दोरीला शिसं बांधून अण्णा पाण्याचा ठाव घ्यायचे. शिशाला लागून आलेला चिखल दोन बोटांत चुरायचे, वास घ्यायचे आणि सांगायचे, आता कुठे आहोत ते. मी आठ वर्षांची असताना माझ्या बोटावर तो चिखल लावून म्हणाले होते, "हा काळा आहे ना, म्हणजे खाडीचं तोंड जवळ आलं." सारंग म्हणजे माझ्यासाठी हे. धनुष्य नको, हरीण नको.

शब्दवेध:
ताई, तुमच्या वडिलांबद्दल मी एक अक्षर लिहिलं नव्हतं. मी शब्दाबद्दल लिहिलं. उच्चार एक असले तरी शब्द दोन आहेत. संस्कृत 'सारङ्ग' म्हणजे चित्रविचित्र रंगाचा, त्यावरून ठिपक्यांचं हरीण, चातक वगैरे. शाकुंतलाच्या सुरुवातीला दुष्यंत ज्याच्या मागे लागतो तो सारंगच. दुसरा शब्द फारसी 'सरहंग'. इराणच्या सैन्यात आजही कर्नलला सरहंग म्हणतात. तोच शब्द किनाऱ्यावर येऊन सारंग झाला, इंग्रजांनी त्याचं 'सेरंग' केलं. 'शार्ङ्ग' तिसराच, शृंगापासून झालेला, म्हणजे शिंगाचं धनुष्य. या तिन्हींची खिचडी करून नाव ठेवलं जातं, त्याला माझा विरोध आहे. आणि दुसरं, ज्या राजाने राज्यव्यवहारकोश करवून फारसी शब्दांना संस्कृत प्रतिशब्द दिले, त्याच्या मुलखात आपण फारसी हुद्दे बारशाला का काढायचे?

हर्णैची लेक:
त्याच राजाच्या आरमारात 'दर्यासारंग' हा हुद्दा होता. दर्या फारसी, सारंगही तुमच्याच म्हणण्याप्रमाणे फारसी. महाराजांना तो शब्द चालला, तुम्हाला बारशाला चालत नाही. आणि कर्नल म्हणून मान्य करता, मग पोस्टमध्ये 'मुकादम' कुठून आला?

दुपारचा राग:
रागाचं काय, ते कुणीच लिहीना. वृंदावनी सारंग, गौड सारंग, शुद्ध सारंग. दुपारच्या वेळेचं हे सगळं कुटुंब आहे. माझा मुलगा दुपारी बाराच्या ठोक्याला जन्मला, चिपळूणला, मे महिन्यात, वीज गेलेली. नर्सने बाहेर येऊन सांगितलं तेव्हा माझ्या तोंडून पहिला शब्द 'सारंग' निघाला. देवगिरीच्या यादवांच्या पदरी असलेल्या संगीतपंडिताचं नाव शार्ङ्गदेव, त्यालाही लोक सारंगदेव म्हणतात. खिचडी आजची नाही, जवळजवळ आठशे वर्षांपूर्वीची आहे. फारसीचा इथे काही संबंध नाही, कृपया बोटी मध्ये आणू नका.

अर्नाळ्याचा तांडेल:
बोटी मध्ये आणायच्या नाहीत म्हणजे? धागाच बोटीचा आहे. पण एक चूक होतेय ती सांगतो. ताई म्हणतात अण्णा बोट घेऊन जायचे. बोट नेतो तो तांडेल. आमच्याकडे बोटीवर तांडेलाचा शब्द शेवटचा. सारंग हा हाताखालचा.

जयगडवाला:
तांडेल भाऊ, हे पूर्ण उलट आहे. माझे आजा आगबोटीवर सारंग होते. आमच्या गावात घराआड एक माणूस बोटीवर असायचा, रत्नागिरीकडच्या मुसलमान खलाशांशिवाय मोठ्या आगबोटींचे डेक चालत नव्हते. तिथला क्रम असा: वर सारंग, त्याच्या खाली पहिला तांडेल, दुसरा तांडेल, मग सुकाणू धरणारा सुकाणी, सामान सांभाळणारा कसाब, खलाशी. साहेब हुकूम सारंगाला द्यायचा आणि सारंग शिट्टी वाजवायचा. ती चांदीची शिट्टी साखळीसकट आमच्या घरात आहे. आजा गेल्यावर अब्बांनी ती पेटीत तुरटीजवळ ठेवली, काळी पडली. लहानपणी आम्ही चोरून फुंकायचो. आवाज इतका बारीक की मोहल्ल्याच्या टोकाला कुत्री उठायची.

अर्नाळ्याचा तांडेल:
ती गोऱ्यांची बोट. मी आपल्या बोटीबद्दल बोलतोय. मासेमारीच्या बोटीवर कधी सारंगाने तांडेलाला हुकूम दिलेला ऐकलाय? माझे वडील, आजोबा, पणजोबा तांडेल. डोल (जाळं) कुठे मारायची, वारा फिरला की परत कधी फिरायचं, सगळं तांडेल ठरवतो. कंपनीने तांडेलाला खाली बसवलं म्हणून तो खालचा होत नाही.

देवगडचो:
आमच्याकडे दोन्ही नाय, नाखवा. बोटीचो मालक नाखवा, तो सांगतलो तसा. तांडेल नि सारंग भांडत बसले तर बोट खडपार जातली.

अर्नाळ्याचा तांडेल:
मालक वेगळा, चालवणारा वेगळा. नाखवा घाटावर बसूनही नाखवाच असतो, तांडेल बोटीवरच लागतो.

शब्दवेध:
'नाखवा' म्हणजे 'नाव-खुदा', नावेचा धनी. तोही फारसीच. 'खलाशी' अरबी. 'बंदर' फारसी. 'तांडेल' तेवढा वेगळा, मल्याळमात तंडल, तेलुगूत तंडेलु, म्हणजे दक्षिणेच्या किनाऱ्यावरून वर आलेला. या धाग्यातल्या एकाही हुद्द्याला मराठी शब्द नाही, हे कुणाच्या लक्षात आलं का? माझं दुखणं तेच आहे. सावरकर रत्नागिरीत बसून 'तारीख'चं 'दिनांक' करत होते, आणि आपण शंभर वर्षांनी सरहंगाचं बारसं करतोय.

जयगडवाला:
हे मात्र मला लागलं. आमच्या घरात चार पिढ्या मराठी बोलतात. आजा फोर्टात जहाजाच्या कचेरीत इंग्रजी बोलले असतील नसतील, घरी भांडले ते मराठीत. सारंग शब्द या किनाऱ्यावर शिवाजी महाराजांच्या आधीपासून आहे. इतकी वर्षं मीठ-पाणी खाऊन शब्द मराठी होत नसेल तर तुमचा 'बंदर' शब्द काढून टाका आणि हर्णैला, जयगडला काय म्हणता ते सांगा. मी वाट बघतो.

माई, चिपळूण:
शब्द फारसी की संस्कृत हे तुम्ही पुरुष मंडळी ठरवत राहा. मला दुसरंच म्हणायचं आहे. माहेरचं आडनाव मुलाला नाव म्हणून देणं मला पटत नाही. मुलगा सासरच्या घरात वाढतो. रोज हाक मारताना सासूच्या तोंडी व्याह्यांचं आडनाव! माझ्या सुनेने हे केलं असतं तर मी बोलले नसते, पण मनात राहिलं असतं. माझं माहेरचं आडनाव मीही १९७१ साली सोडलं. कुणी विचारलं नव्हतं आणि मीही रडले नाही.

हर्णैची लेक:
माई, तुम्ही रडला नाहीत म्हणून ते दुखलं नसेल असं मला वाटत नाही. आणि माझ्या सासूबाईंचं सांगते, कारण त्यांच्यावर अन्याय नको. पाचवीच्या रात्री मी नाव सांगितलं तेव्हा त्या गप्प झाल्या. बारशाला आत्याने कानात सांगायचं असतं, नणंदेनेही दुसरंच नाव मनात धरलेलं. पाळण्याशी वाकून तिने मला विचारलं, "नक्की?" मी हो म्हटलं. तिने सांगितलं. आज सासूबाई त्याला 'सारू' म्हणतात. आडनाव विरघळलं, नाव राहिलं.

चाकरमानी, परळ:
नाव-आडनावाचा विषय निघालाच आहे तर एक बोलू द्या. कोकणातली अर्धी आडनावं '-कर'. गावावरून पडलेली. मुंबईला आलेल्या आमच्या पणजोबांना आडनाव विचारलं, त्यांनी गाव सांगितलं, ते लिहिलं गेलं. मूळ आडनाव काय होतं ते गुरवाच्या घरी गाऱ्हाण्यात ऐकलं तेव्हा कळलं. आता मुलाच्या कागदपत्रात जुनं आडनाव मधलं नाव म्हणून घातलं तर एका कचेरीत दोन वर्षं फेऱ्या मारल्या. एका कागदावर आधी आडनाव, एकावर शेवटी, एकावर सगळं एकाच रकान्यात. ताई, तुमच्या मुलाचे हाल होणार. 'सारंग' बघून शाळेत त्याला आडनावाच्या रकान्यात टाकतील.

हर्णैची लेक:
टाकलंय. पहिलीत हजेरीला वर्षभर त्याला बाबांच्या नावाने हाक मारली. मी तीनदा अर्ज दिला. तो मात्र "हजर" म्हणून उठायचा.

पडाववाला:
सगळ्यांनी सारंगाची आरती चालवलीय, म्हणून मी लिहितोय. माझे पणजोबा खलाशी होते, संगमेश्वर तालुक्यातले. बोटीवर भरती सारंगच करायचा. आपल्या गावचे, आपल्या नात्यातले उचलायचा, आणि उचलल्याबद्दल घ्यायचा. पणजोबांच्या पहिल्या सफरीच्या पगारातला मोठा वाटा सारंगाला गेला, शिवाय आगाऊ घेतलेल्या पैशावर व्याज. पणजीने मंगळसूत्राचे मणी गहाण टाकले ते त्या सारंगाकडे. घरात अजून म्हण आहे, "सारंगाचं देणं आणि समुद्राचं येणं चुकत नाही." कुणाचं नाव सारंग ऐकलं की माझी आजी तोंड फिरवायची. शब्दवेध चुकीच्या कारणाने बोलले असतील, पण मुकादम हा शब्द बरोबर आहे.

जयगडवाला:
माझ्या आजांनी असं केलं नाही.

पडाववाला:
तुमच्या आजांनी केलं असं मी म्हटलंच नाही. पण हे होत होतं, सगळ्या बंदरांवर होत होतं, आणि ते पैसे कुणाच्या तरी घरी जात होते. शिट्टी चांदीची होती, हे तुम्हीच लिहिलंत.

जयगडवाला:
शिट्टी हुद्द्याबरोबर यायची. आमचं घर अजून कौलांचं आहे. येऊन बघा आणि मग बोला.

दुपारचा राग:
म्हणून म्हणत होतो, बोटी आणू नका.

हर्णैची लेक:
पडाववाले, तुमचं वाचून मी रात्री आईला फोन केला. तिला विचारलं, आपल्या घरात कुणी आगबोटीवर भरती करायचं का. ती म्हणाली, अण्णांचे चुलते करायचे, आणि पुढे बोलली नाही. म्हणजे तुमचं म्हणणं मला मानावं लागतंय, आवडत नसलं तरी. मुलाला मोठेपणी मी हेही सांगेन. नाव बदलणार नाही.

पडाववाला:
बदला असं मी म्हटलं नव्हतं. सांगणार असाल तर माझं काही म्हणणं नाही.

माई, चिपळूण:
'सारू' गोड आहे, एवढं मान्य करते. बाकी मत तेच.

शब्दवेध:
माझ्या लेखातला 'मुकादम' पडाववाल्यांनी वाचवला, पण 'पोराला कशाला' हे वाक्य मी काढतो. ते शब्दाबद्दल नव्हतं, माणसांबद्दल झालं. दर्यासारंगाचा मुद्दा मी लिहिताना विसरलो होतो, हेही कबूल. मात्र हरीण आणि बोट एकच, असं कुणी पुन्हा लिहिलं तर मी परत येईन. आणि 'बंदरा'ला मराठी शब्द मी शोधतोय.

अर्नाळ्याचा तांडेल:
शोधा. तोवर एक पक्कं करा, मासेमारीच्या बोटीवर तांडेल वर.

जयगडवाला:
आगबोटीवर सारंग वर.

देवगडचो:
नि दोघांच्याय वर नाखवा.

हर्णैची लेक:
जयगडवाले, ती शिट्टी चिंच लावून घासा, उजळेल. आणि जमलं तर फोटो टाका. सारंगला दाखवायचाय.